फाल्गुनातला शेजवान भात

मंडईत जायला होळीच्या आधीचे तीन-चार आठवडे सगळ्यात चांगले. थंडी सरत आलेली असते, पण तिच्या भाज्या अजून हटलेल्या नसतात. मटारचे ढीग, हरभऱ्याच्या डहाळ्यांच्या पेंढ्या, पातीच्या कांद्याच्या जुड्या, लालबुंद गाजरं, पानांसकट आलेला नवलकोल आणि एखाद्या टोपलीत अंगठ्याएवढ्या पहिल्या कैऱ्या. कोकणात आणि गोव्यात याच सुमाराला ओले काजूगर निघायला लागतात. पंचांगातला वसंत चैत्रात सुरू होतो, मंडईतला मात्र त्याआधीच येतो आणि बघता बघता संपतो. ऊन चढलं की मटार पिठूळ होतो, हरभरा घाट्यातच वाळतो, कांद्याच्या पातीला दांडे फुटतात.

या दिवसांत मसालेभात झालाच असेल, मटारची उसळही झाली असेल. आता याच भाज्यांचा शेजवान फ्राइड राइस करून पाहा. नाव ऐकून नाक मुरडणारे असतात, आणि त्यांचं अगदीच चुकतं असंही नाही. गाडीवरच्या शेजवान राइसमध्ये कोबी असतो, गाजराचे चार तुकडे असतात, खायचा लाल रंग असतो आणि चटणी इतकी असते की तिच्याखाली काय आहे ते कळूच नये. रात्री अकरा वाजता स्टेशनबाहेर उभं राहून खाणाऱ्याला तेच हवं असतं, त्याला भाजीचा ताजेपणा शोधायचा नसतो. घरी मात्र फाल्गुनातली भाजी हाताशी असताना तिला त्याच चटणीत बुडवायचं काही कारण नाही. चटणी निम्मी करा, भाजी दुप्पट करा.

पण एवढंच करून भागत नाही. भाजी दुप्पट केली की कढईत पाणीही दुप्पट येतं, आणि तिथेच घरचा फ्राइड राइस फसतो. कोवळी भाजी म्हणजे पाणीदार भाजी. तापलेल्या कढईत पडून ती भाजली जायला हवी, त्याऐवजी स्वतःच्याच वाफेत शिजते. मग तांदूळ त्या वाफेत मऊ पडतो आणि शेवटी तिखट खिचडी ताटात येते. तिखट कमी-जास्त झालं तर सांभाळून घेता येतं, पाणी झालं की इलाज उरत नाही. म्हणून या लेखातल्या बहुतेक सूचना या ना त्या प्रकारे पाण्याबद्दलच आहेत.

हा पदार्थ आपल्याकडे कसा आला, तेही थोडक्यात सांगायला हवं, कारण पुढच्या एका सूचनेचा त्याच्याशी संबंध आहे. चिनी माणसं कलकत्त्यात अठराव्या शतकाच्या अखेरीपासून वसत आली. टांगरा भागात हक्का समाजाचे चामड्याचे कारखाने होते, आणि त्याच वस्तीतून भारतीय जिभेला मानवेल असं चिनी जेवण तयार होत गेलं. मुंबईत १९७० च्या दशकात ताजमहाल हॉटेलातल्या ‘गोल्डन ड्रॅगन’ने सिचुआन प्रांताचे झणझणीत पदार्थ मांडले. कलकत्त्याहून आलेले नेल्सन वाँग यांनी १९७५ साली क्रिकेट क्लब ऑफ इंडियामध्ये चिकन मंचुरियन केल्याची गोष्ट तर प्रसिद्धच आहे: आलं, लसूण, हिरवी मिरची आपली, आणि गरम मसाल्याच्या जागी सोया सॉस. तिथून हे सगळं हातगाड्यांपर्यंत पोचलं. वाटेत सिचुआनच्या दोन गोष्टी मात्र गळाल्या. एक, मिरची आणि एका प्रकारच्या घेवड्याचे दाणे एकत्र आंबवून केलेली तिथली गडद चटणी. आणि दुसरी, सिचुआन मिरी. आपल्या शेजवानमध्ये, म्हणजे सिचुआनच्याच इथल्या अवतारात, या दोन्ही गोष्टी नसतात. उरतं ते लाल मिरची, भरपूर लसूण, व्हिनेगर आणि साखर. म्हणजे आपल्या ठेच्याचंच हे चिनी कपड्यातलं भावंड, आणि मला ते आवडतं. मिरची मुळात चीनचीही नाही आणि आपलीही नाही, दोघांनाही ती सोळाव्या शतकात अमेरिका खंडातून आलेल्या जहाजांमुळे मिळाली. तेव्हा अस्सल-नकलीचा वाद इथे घालत बसू नये.

गळालेल्या दोन गोष्टींपैकी एक मात्र परत आणता येते, आणि तीही चीनहून मागवावी न लागता. सिचुआन मिरी ही मिरी नव्हेच. लिंबाच्या कुळातल्या एका काटेरी झाडाच्या फळाची ती साल. त्याच प्रजातीतलं एक झाड सह्याद्रीत आणि कोकणात वाढतं, आणि त्याच्या फळाला आपण तिरफळ म्हणतो. बांगड्याच्या किंवा तारल्यांच्या आमटीत जे पडतं तेच. जीभ आणि ओठ किंचित बधिर होतात, मुंग्या येतात, आणि मागे संत्र्याच्या सालीसारखा वास राहतो. सिचुआन मिरीतल्या ज्या द्रव्यामुळे असं होतं त्याला सान्शूल म्हणतात. २०१३ साली लंडनमधल्या संशोधकांनी मापून पाहिलं, तर ओठांवर जाणवणारी ती थरथर सेकंदाला साधारण ५० कंपनांएवढी भरली. तिखट आणि ही थरथर एकत्र आली की तोंडात जे घडतं ते आपल्या नेहमीच्या शेजवानमध्ये घडत नाही. मालवणी मसाला विकणाऱ्या दुकानात वाळलेलं तिरफळ वर्षभर मिळतं.

तिरफळ वापरताना आतली काळी बी काढून टाकायची. ती खाण्याजोगी नाही, वाळूसारखी दाताखाली येते. उमललेल्या साली तेवढ्या घ्यायच्या, कोरड्या तव्यावर मंद आचेवर अर्धा मिनिट गरम करायच्या आणि खलबत्त्यात जाडसर कुटायच्या. चार माणसांच्या भाताला सहा-सात तिरफळं बास. जास्त घातली तर भात कडवट लागतो आणि लवंग चावल्यासारखं तोंड बधिर होतं. ही पूड फोडणीत घालू नका, तिचा वास तापलेल्या तेलात टिकत नाही. ती अगदी शेवटी, गॅस बंद केल्यावर घालायची.

आता चटणी. ती आदल्या दिवशी करून ठेवली तर उत्तम, मुरल्यावर तिचा लसणाचा उग्रपणा उतरतो. वीस ब्याडगी मिरच्या रंगासाठी आणि चार-पाच संकेश्वरी किंवा दुसऱ्या कुठल्याही तिखट सुक्या मिरच्या झणक्यासाठी. देठं आणि शक्य तेवढ्या बिया काढा, मिरच्या गरम पाण्यात अर्धा तास भिजवा, मग हाताने घट्ट पिळून पाणी फेकून द्या. त्या पाण्यात रंग दिसतो म्हणून ते वाटणात घ्यायचा मोह होतो, पण त्यात कडवटपणाही असतो, आणि ते आटवायला नंतर पंधरा मिनिटं जातात. वाटताना पाण्याऐवजी दोन मोठे चमचे व्हिनेगर घाला. मिक्सर फिरत नसेल तर वर चमचाभर पाणी, त्याहून जास्त नाही. वाटण अगदी गंधासारखं नको, थोडं रवाळ राहू द्या.

एका छोट्या कढईत अर्धी वाटी शेंगदाण्याचं तेल घ्या. अर्धी वाटी वाचून हात थांबेल, पण हे सगळं तेल चटणीत राहणार आहे आणि पुढे भाताला वेगळं तेल फार लागणार नाही. मिरचीचा तिखटपणा आणि रंग दोन्ही तेलात उतरतात, पाण्यात फारसे नाही. तेल कमी पडलं तर चटणी कच्ची आणि बोचरी लागते. तेल मंद तापल्यावर एक मोठी गड्डी लसूण बारीक चिरून घाला. ठेचून नाही, चिरूनच. लसूण पांढराच राहून वास सुटला की दोन इंच आलं किसून घाला, आणि मूठभर कोथिंबिरीचे देठ अगदी बारीक चिरून. मूळ कृतीत सेलरी असते. मिळाली तर घाला, नाही तर देठांनी काम भागतं. मग मिरचीचं वाटण. आच मंदच ठेवा आणि आठ-दहा मिनिटं परता. सुरुवातीला चटणी फुटते, उडते, तेव्हा अर्धवट झाकण ठेवा. पाणी संपलं की तिचा आवाज बदलतो, तडतड थांबून बारीक सळसळ राहते आणि कडेने लाल तेल सुटतं. आता एक मोठा चमचा सोया सॉस, चमचाभर मीठ आणि एक चहाचा चमचा साखर. बाहेरच्या कृतींत साखर याच्या दुप्पट असते. फाल्गुनातला मटार आणि गाजर मुळातच गोड आहेत, तेव्हा इथे हात आखडा. टोमॅटो केचप घालायची सूचना कुणी केली तर ऐकून घ्या आणि सोडून द्या.

या मापात वाटीभर चटणी होते, चार माणसांच्या भाताला निम्मी पुरते. उरलेली काचेच्या कोरड्या बरणीत भरून फ्रीजमध्येच ठेवा आणि आठवड्याभरात संपवा. व्हिनेगर आहे, तेल आहे, मग बाहेर टिकेल असं वाटतं, पण तेलाखालचा लसूण हवेवाचून असतो आणि अशा जागी बोट्युलिझमचे जंतू वाढू शकतात. लोणच्याचा नियम इथे लावू नका.

तांदळाबद्दल माझं मत ठाम आहे: इंद्रायणी आणि आंबेमोहोर या कामाचे नाहीत. वरण-भाताला ते लाख गुणाचे, पण त्यांचा चिकटपणाच इथे आड येतो. जुना कोलम सगळ्यात बरा. त्याचा दाणा आखूड असूनही सुटा राहतो आणि मटार-सोलाण्यांशी त्याचं माप जमतं. जुना बासमती चालतो, फक्त परतताना मोडतो. नवा तांदूळ कोणताही नको, त्यात ओलावा जास्त असतो. दोन वाट्या, म्हणजे साधारण ३५० ग्रॅम तांदूळ तीन-चार पाण्यांत धुवा, वीस मिनिटं भिजवा आणि मोठ्या पातेल्यात भरपूर उकळत्या पाण्यात सोडा. पाण्यात मीठ आणि चमचाभर तेल. कुकर लावू नका. सात-आठ मिनिटांनी दाणा काढून बोटांत दाबा. मध्ये पांढरा ठिपका राहिला असेल, पण तो मोडत असेल, तर भात रोवळीत ओता. पेज फेकू नका, मीठ आणि जिरं घालून संध्याकाळी कुणी तरी पिईल.

निथळलेला भात लगेच परातीत पातळ पसरा. वाफ जाऊ द्या. ही वाफ म्हणजे कढईत न येणारं पाणी. पंख्याखाली अर्ध्या-पाऊण तासात तो निवतो. मग डब्यात भरून, झाकण किंचित उघडं ठेवून रात्रभर फ्रीजमध्ये. गार झाल्यावर भातातला स्टार्च घट्ट होतो, दाण्याचा वरचा भाग कोरडा पडतो, आणि म्हणूनच शिळा भात फोडणीला जास्त चांगला. आपल्याकडे फोडणीचा भात करणाऱ्या प्रत्येक घराला हे ठाऊक आहे. वेळच नसेल तर निवलेला भात तासभर फ्रीजरच्या खालच्या कप्प्यात ठेवूनही निभावतं, पण तेवढं चांगलं होत नाही.

इथे एक इशारा. रात्रीचा भात ओट्यावर झाकून ठेवून सकाळी त्याचा फ्राइड राइस करू नका. बॅसिलस सेरेअस नावाचे जंतू कच्च्या तांदळात असतात, त्यांचे बीजाणू शिजवल्यावरही तग धरतात आणि कोमट भातात वाढून विष तयार करतात. ते विष परतल्याने नष्ट होत नाही. ब्रिटनमध्ये १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला चिनी उपाहारगृहांतल्या फ्राइड राइसमुळे उलट्या झालेली माणसं आढळली, तेव्हा हे नीट लक्षात आलं. तिथे उकडलेला भात तासन्‌तास बाहेरच ठेवलेला असायचा. म्हणून तासाभरात निववा, फ्रीजमध्ये टाका आणि दुसऱ्या दिवशी वापरून संपवा.

भाज्या. या भागात घाई करू नका, सगळी मजा इथेच आहे. मटार शेंगांमध्येच आणा आणि त्याच दिवशी सोला. तोडल्यावर त्यातल्या साखरेचा स्टार्च होत जातो, सोलून पिशवीत भरलेला मटार तर दोन दिवसांत फिका लागतो. दाणे छोटे, शेंग हिरवीगार आणि मोडल्यावर आवाज करणारी घ्या. डहाळ्यांतून घाटे तोडून सोलाणे काढायला वेळ लागतो. घरात लहान मुलं असतील तर त्यांच्यापुढे पेंढी ठेवा, निम्मे सोलाणे खाल्ले जातील हे धरून चाला. मटार एक वाटी, सोलाणे एक वाटी. दोन कोवळी गाजरं, बारा-पंधरा फरसबीच्या शेंगा, एक छोटा नवलकोल, पातीच्या कांद्याची एक जुडी. कोबी हवाच असेल तर मूठभर, जाड चिरून. ओले काजूगर मिळाले तर पंधरा-वीस. ढोबळी मिरची वर्षभर मिळते, ती या खेपेला बाहेर राहू द्या. मश्रूम आणि झुकिनी तर नकोच, दोन्ही पाण्याच्या पिशव्या.

सगळ्या भाज्या सकाळीच धुवा आणि पंचावर पसरून पूर्ण कोरड्या करा. धुऊन लगेच चिरून लगेच कढईत, ही आपली रोजची सवय इथे नडते. कोरड्या झाल्यावर चिरा. गाजर आणि नवलकोल मटारच्या दाण्याएवढ्या चौकोनी फोडींत, फरसबी तिरकी आणि बारीक. पातीचा पांढरा कांदा वेगळा, हिरवी पात वेगळी. मटार थोडा जून वाटला तरच मिठाच्या उकळत्या पाण्यात एक मिनिट काढा आणि परत पंचावर टाका, कोवळा असेल तर कच्चाच वापरा. काजूगर गरम पाण्यात टाकले की त्यांची साल सुटते. ती काढताना हाताला तेल लावा, चीक लागतो.

आता कढई. हॉटेलातल्या भट्टीची आच घरच्या शेगडीच्या कितीतरी पट असते. तिथे भाजीतलं पाणी सुटताक्षणी उडून जातं, आपल्याकडे ते साचतं. शेगडी मोठी करता येत नाही, म्हणून घास लहान करायचा. चार माणसांचा भात एका वेळी परतू नका, दोन घाण्यांत करा, आणि कढई लहान असेल तर तीन. नॉनस्टिक कढई बाजूला ठेवा, एवढं तापवणं तिच्या थराला सोसत नाही. लोखंडाची किंवा बिडाची जाड कढई घ्या, किंवा पावभाजीवाल्यासारखा मोठा लोखंडी तवा. मुंबईचा तवा पुलाव याच युक्तीवर चालतो: पसरट तव्यावर वाफेला कोंडायला जागाच नसते. सगळं चिरून, मोजून, हाताशी मांडून घ्या. कढई तापली की काही शोधायला वेळ मिळणार नाही. खिडकी उघडा आणि पंखा लावा, खोकला येणारच आहे.

पहिला घाणा असा. कोरडी कढई मोठ्या आचेवर धूर निघेपर्यंत तापवा. तेल न घालता निम्मे सोलाणे टाका आणि मिनिट-दीड मिनिट हलवत राहा. त्यांच्यावर काळे डाग पडायला हवेत. शेतात डहाळे भाजून हुळा खाल्लेला असेल तर तो वास लगेच ओळखू येईल, बाकीच्यांना तो इथे पहिल्यांदा कळेल. काढून ठेवा. आता दोन चमचे रिफाइंड शेंगदाणा तेल. घाण्याचं तेल चवीला छान, पण एवढ्या आचेला लवकर जळतं, ते चटणीपुरतं ठेवा. पांढरा कांदा दहा सेकंद, मग गाजर, नवलकोल आणि फरसबी. एक मिनिट सतत हलवा. मग मटार आणि काजूगर, आणखी एक मिनिट. भाजी दाताखाली कुरकुरली पाहिजे, ती शिजवायची नाही, फक्त तिचा कच्चा वास घालवायचा.

या टप्प्यावर मीठ घालू नका. मीठ पडलं की भाजी पाणी सोडते. एवढी एक गोष्ट पाळली तरी निम्मं काम झालं.

भाजी कढईच्या कडेला सारून मध्ये दोन मोठे चमचे चटणी टाका, तिला तेल सुटेपर्यंत दहा-पंधरा सेकंद तिथेच परता. मग गार भात, आधी हाताने मोकळा केलेला. कालथ्याने दाबून, उलटून, परत दाबून. ढवळू नका, ढवळल्याने दाणा मोडतो. भात कढईच्या तळाला अर्धा मिनिट तसाच टेकू द्या, थोडा खरपूस होतो. नंतर उलटा. आता मीठ, चिमूटभर पांढरी मिरपूड आणि एक चहाचा चमचा सोया सॉस. सोया सॉस भातावर ओतू नका, कढईच्या तापलेल्या कडेवरून फिरवा, म्हणजे त्यातलं पाणी तिथेच उडेल आणि वास भाताला लागेल. भाजलेले सोलाणे परत घाला. गॅस बंद. हिरवी पात, तिरफळाची निम्मी पूड, आणि शेवटची गोष्ट: कोवळी कैरी.

कैरीबद्दल थोडं थांबून सांगतो. गाडीवर शेवटी व्हिनेगरचा फवारा मारतात. त्याऐवजी निम्मी कैरी किसून, किस मुठीत घट्ट पिळून, भातात मिसळायचा. पिळलेला रस टाकू नका, त्यात साखर-मीठ घालून पन्ह्यासारखं प्यायला होतं. कैरीचा आंबटपणा व्हिनेगरसारखा नाकात जात नाही, मटारच्या गोडव्याला बाजूला न सारता उठाव देतो, आणि तिरफळाशी त्याची दोस्ती कोकणात जुनीच आहे. कोयीला अजून कवच धरलं नसेल एवढी कोवळी कैरी घ्या. फेब्रुवारीत ती मिळाली नाही तर अर्ध्या लिंबावर भागवा.

पहिला घाणा झाकून ठेवू नका. झाकणाखाली वाफेचं पाणी होतं आणि मेहनत वाया जाते. उघड्या ताटात काढा, कढई पुसून परत धूर येईपर्यंत तापवा आणि दुसरा घाणा करा. पहिला घाणा खाणाऱ्यांना तोवर वाढून टाका, सगळ्यांनी एकदम बसायचा आग्रह या पदार्थाला परवडत नाही.

अजिनोमोटोचा प्रश्न येतोच. ग्लुटॅमिक आम्लाचं ते सोडियम मीठ. १९०८ साली जपानमध्ये किकुनाए इकेदा यांनी समुद्री शेवाळाच्या सारातून ही चव वेगळी काढली. त्याबद्दल जेवढी भीती पसरली तेवढी ती बाळगण्याचं कारण नाही, पण इथे त्याची गरजही नाही. ताज्या मटारमध्ये आणि सोया सॉसमध्ये ती चव आपसूक असते. बेचव भाजीला ते उपयोगी, आणि आपण बेचव भाजी आणलेलीच नाही. धने-जिरे पूड, गोडा मसाला, गरम मसाला यांच्याबद्दल मात्र मी कडक आहे. तंत्र चिनी ठेवलं, भाजी आपली घेतली, तिरफळ-कैरी कोकणाची घेतली, एवढी सरमिसळ पुरे. त्यावर गोडा मसाला घातला की मसालेभातही होत नाही आणि शेजवानही राहत नाही.

अंडं चालत असेल तर दोन अंडी फेटून सुरुवातीलाच तेलात मोठ्या आचेवर फुलवून काढा आणि शेवटी तुकडे करून मिसळा. कोळंबी घालायची तर ती पुसून कोरडी करा, वेगळी परता आणि तिलाही शेवटीच आत घ्या. पनीर आणि टोफू दोन्ही आधी दाबून पाणी काढल्याशिवाय घेऊ नका.

युरोपात किंवा अमेरिकेत राहणाऱ्या मराठी घरांत वसंत एप्रिलमध्ये उगवतो आणि मंडईत वेगळा माल असतो: ॲस्परॅगस, म्हणजे शतावरीच्या नात्यातले ते कोवळे कोंब, सालीसकट खायच्या गोड मटारच्या शेंगा, लाल टपोरे मुळे. तिथे सोलाणे गोठवलेले मिळतात, पण गोठवलेली भाजी वितळली की पाणी सोडते. ती पूर्ण वितळवून, पुसून मगच कोरड्या कढईत भाजा. ॲस्परॅगसचे कोंब तिरके कापून फरसबीच्या जागी घ्या, मुळ्याच्या फोडी नवलकोलच्या जागी. कैरी न मिळाल्यास हिरवं आंबट सफरचंद किसून, पिळून आणि वर थोडं लिंबू. तिरफळ तिथे मिळायला कठीण, पण चिनी दुकानात सिचुआन मिरी सहज मिळते. तीही अशीच काळी बी काढून, भाजून, कुटून वापरा.

बरोबर काय द्यायचं? सूप नको. तिखटावर पाणी प्यायल्याने तोंडाची आग विझत नाही, पसरते. ताक द्या, दुधातलं प्रथिन मिरचीचा दाह धरून नेतं. किंवा सोलकढी, नारळाच्या दुधातल्या स्निग्धांशामुळे तीही तेच काम करते आणि तिरफळापुढे परकी वाटत नाही. भाताच्या कडेला मुळ्याच्या चकत्या, मीठ न लावलेल्या.

डब्यात द्यायचा असेल तर कैरी आणि हिरवी पात वेगळ्या छोट्या डबीत द्या, भात पूर्ण निवल्यावरच डबा बंद करा आणि तो दुपारपर्यंत संपेल असंच पाहा. फ्रीजमध्ये न परतलेला भात उरला असेल तर तो त्याच संध्याकाळी तापलेल्या लोखंडी तव्यावर पसरून परता. मायक्रोवेव्हमध्ये तो वाफेने ओला होतो. आणि एकदा फ्रीजमधून काढून परतलेला भात दुसऱ्यांदा फ्रीजमध्ये ठेवू नका.